छायालेखकाचे नाव

‘संत तुकाराम’ (1936), ‘कुंकू’ (1937), ‘माणूस’ (1939) आणि ‘शेजारी’ (1941). मराठी बोलपटाच्या पहिल्या दशकाचा इतिहास सांगताना ही चार नावे कोणालाही टाळता येत नाहीत. यवतमाळसारख्या जिल्ह्याच्या गावी एम. ए.च्या वर्गात साहित्यकृतीचे माध्यमांतर शिकवताना मलाही ती टाळता येत नाहीत. ना. ह. आपटे यांची ‘न पटणारी गोष्ट’ ही कादंबरी आणि तिच्यावरून व्ही. शांताराम यांनी केलेला ‘कुंकू’ यांची तुलना हा तर आमचा ठरलेला प्रश्न. विद्यार्थी उत्तरे बऱ्यापैकी लिहितात. जरठ-कुमारी विवाहाचा प्रश्न, शांता आपटे यांची तडफदार नीरा, केशवराव दाते यांचे काकासाहेब, पार्श्वसंगीत न वापरण्याचा दिग्दर्शकाचा निर्णय, आरसा आणि घड्याळ यांची प्रतीके असे सर्व मुद्दे येतात. परंतु व्ही. अवधूत हे नाव मी आजवर एकाही उत्तरपत्रिकेत वाचलेले नाही. वर उल्लेखिलेल्या चारही चित्रपटांचे छायालेखन या एकाच माणसाचे आहे.

यात विद्यार्थ्यांना बोल लावण्यात अर्थ नाही. मराठी समीक्षेला ‘प्रतिमा’ हा शब्द अतिशय प्रिय आहे. कवितेतील प्रतिमा कोणी घडवली, कशी घडवली, तिच्यात दृश्य संवेदना किती आणि स्पर्शसंवेदना किती, याची आपण पानेच्या पाने चिकित्सा करतो. मात्र ज्या कलेत प्रतिमा अक्षरशः डोळ्यांना दिसते, त्या कलेविषयी लिहिताना ती घडवणाऱ्या हाताची आपल्याला आठवण होत नाही. पाऊस इंद्राच्या नावे जमा करावा, तशी पडद्यावरील प्रत्येक गोष्ट आपण दिग्दर्शकाच्या नावे जमा करतो. वास्तविक या कामासाठी मराठीने एक फार सुंदर शब्द घडवलेला आहे. ‘फोटोग्राफी’ या शब्दाच्या मुळाशी प्रकाशाने लिहिणे ही कल्पना आहे. मराठीने प्रकाश बाजूला ठेवून छाया पुढे केली आणि ‘छायालेखन’ म्हटले. प्रकाश तर आपोआपच सर्वत्र पडतो; तो कोठे पडू द्यायचा नाही, हे ठरवणे म्हणजे लेखन. हे ठरवणाऱ्या माणसाच्या वाट्याला कोणते आयुष्य येते, हा या लेखाचा विषय आहे.

हा व्यवसाय आपल्याकडे सुरू झाला तेव्हा त्याला व्यवसाय म्हणावे असे त्यात काही नव्हते. दादासाहेब फाळके 1912 मध्ये लंडनहून विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेऊन आले. वाटाण्याच्या अंकुराची वाढ थोड्याथोड्या अंतराने टिपून त्यांनी पहिला प्रयोग केला. पुढे ‘राजा हरिश्चंद्र’ची जुळवाजुळव सुरू झाली तेव्हा त्यांनी त्र्यंबक तेलंग यांना कॅमेरा चालवण्यास शिकवले. कोऱ्या फिल्मच्या कडांना छिद्रे पाडण्याचे काम सरस्वतीबाई फाळके अंधारात बसून करीत. 6 महिने 27 दिवस काम चालले आणि 3 मे 1913 रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये चित्रपट लोकांसमोर आला. भारतीय कथापटाच्या पहिल्या छायालेखकाचे शिक्षण असे घरगुती झाले. ना शाळा, ना पुस्तक, ना आधीच्या कोणाचा अनुभव.

त्या काळचा कॅमेरा हाताने फिरवायचा असे. दांड्याच्या एका फेऱ्यात आठ चित्रे उमटत आणि सेकंदाला साधारण दोन फेरे घ्यावे लागत. हात सैलावला की पडद्यावरची माणसे धावू लागत. हात घाईला आला की ती रेंगाळू लागत. म्हणजे चित्रपटातील काळाची गती छायालेखकाच्या मनगटात होती. जात्यावर बसणाऱ्या बाईला पीठ जाड की बारीक येते आहे हे जसे न पाहता कळते, तसेच काहीसे हे कौशल्य असणार. प्रकाशासाठी भरवसा सूर्यावर. देखाव्यांना छप्पर नसे. ऊन फार झाले तर वरून पांढरे कापड ताणायचे, ढग आले तर हात जोडून बसायचे. आभाळाकडे पाहत बसणे हे ज्या जिल्ह्यात निम्म्याहून अधिक आयुष्याचे काम आहे, तेथील वाचकाला ही अवस्था समजावून सांगण्याची गरज नाही.

आणखी एक अडचण रंगाची होती. मूकपटांच्या काळातील बहुतेक फिल्मला तांबडा रंग दिसतच नसे. निळे आकाश तिच्यावर पांढरेफटक उमटे आणि तांबडी वस्तू काळी. आमच्याकडे फाल्गुनात पांढरकवड्याच्या रस्त्याने गेले की दुतर्फा पळस पेटलेला असतो. त्या फिल्मवर तो पळस कोळशासारखा उमटला असता. पडद्यावर तांबडे ते तांबडे वाटावे यासाठी छायालेखकाला आधी डोळ्यांनी जग बिनतांबडे पाहायला शिकावे लागत असे. चित्रकाराला रंग वापरायला शिकवतात. याला ते मनातून काढून टाकायला शिकावे लागे.

सूर्याच्या या ताबेदारीतून सुटण्याची पहिली धडपड कोल्हापूरला झाली. बाबूराव पेंटर यांनी दामल्यांच्या मदतीने कॅमेरा स्वतःच बनवला आणि 1923 च्या ‘सिंहगड’मध्ये रात्रीच्या दृश्यांसाठी कृत्रिम प्रकाश वापरला. तोपर्यंत प्रकाश मिळत होता. आता तो करता येऊ लागला. याच बाबूरावांनी 1925 मध्ये ‘सावकारी पाश’ केला. कर्जात जमीन गमावून शहराकडे गेलेल्या शेतकऱ्याची ती कथा; शेतकरी झाले होते तरुण शांताराम. त्या मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाही. कापूस आणि कर्ज हे दोन शब्द एका श्वासात उच्चारणाऱ्या प्रदेशात राहून मी जेव्हा त्याविषयी वाचतो, तेव्हा ही उणीव मला केवळ चित्रपट-इतिहासाची उणीव वाटत नाही.

1931 मध्ये ‘आलम आरा’ आला आणि चित्रपट बोलू लागला. बोलण्यासोबत भांडवल आले, बंदिस्त स्टुडिओ आले, महिन्याचा पगार आला. त्याचबरोबर कॅमेऱ्यावर बंधनेही आली, कारण त्याची घरघर आता मायक्रोफोनला ऐकू जाऊ लागली. 1929 मध्ये कोल्हापूरला स्थापन झालेल्या आणि 1933 मध्ये पुण्यास आलेल्या ‘प्रभात’च्या पाच भागीदारांपैकी केशवराव धायबर हे छायालेखक होते, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. कॅमेरा चालवणारा माणूस त्या घडीला मालकांपैकी एक होता. ‘अमृतमंथन’ (1934) मधील राजगुरूच्या डोळ्याचे जवळून घेतलेले प्रचंड दृश्य ज्यांनी पाहिले ते चंद्रमोहन यांना विसरत नाहीत. तो डोळा पडदाभर करणारे भिंग धायबरांच्या कॅमेऱ्यावर होते.

धायबरांनंतर ‘प्रभात’चा कॅमेरा अवधूत यांच्याकडे आला. ‘धर्मात्मा’ (1935), ‘अमरज्योती’ (1936) आणि नंतर ते चार चित्रपट. अवधूत भागीदार नव्हते. येथून पुढे छायालेखक हा उत्तम कसबाचा, आवश्यक, परंतु मालकी नसलेला माणूस झाला. भारतीय चित्रपटव्यवसाय वाढत गेला तसतसे त्याच्या पोटात जे श्रमविभाजन झाले, त्याची ही एक ठळक खूण आहे.

पण मला त्याहून अधिक कुतूहल आहे ते त्या चार चित्रपटांतील चार हस्ताक्षरांचे. ‘संत तुकाराम’मध्ये कॅमेरा जवळजवळ नम्र आहे. जिजाई म्हशीपाशी असो, मुले खेळत असोत, तुकोबा तल्लीन असोत, आपण ओट्यावर बसून पाहावे तशा अंतरावरून तो पाहतो. म्हणून शेवटी वैकुंठगमनाचा चमत्कार घडतो तेव्हा तोही गावात घडलेल्या घटनेसारखा वाटतो. पुढच्याच वर्षी ‘कुंकू’ येतो आणि हाच छायालेखक आपल्याला घरात कोंडतो. दारे, जिने, खिडक्या, आरसा. पार्श्वसंगीत नसल्यामुळे दुःख सांगण्याचा सारा भार दृश्यावर पडतो आणि दृश्य तो पेलते. ‘माणूस’मध्ये रात्र आहे, सावल्या आहेत, पोलीस शिपाई आणि वेश्या यांच्या भोवतीचे काळोखी शहर आहे. ‘शेजारी’मध्ये पुन्हा उघडे गाव, दोन घरे, आणि शेवटी फुटणारे धरण.

लेखकाकडून आपण शैलीची अपेक्षा करतो. चार ओळी वाचताच नाव ओळखू यावे असे म्हणतो. छायालेखकाच्या बाबतीत प्रकरण नेमके उलट आहे. प्रत्येक कथेसाठी त्याला स्वतःचे अक्षर बदलावे लागते. काकासाहेबांच्या घरातील उजेड देहूच्या उजेडासारखा दिसला, तर तो नापास. म्हणून तो जितका अधिक चांगला, तितका अधिक अदृश्य. आपण त्याचे नाव विसरतो याचे एक कारण आपली उदासीनता आहे हे खरे, पण दुसरे कारण त्याच्या यशातच दडलेले आहे.

‘कुंकू’ या नावाचाच विचार करून पाहावा. ज्या वस्तूभोवती संपूर्ण चित्रपट फिरतो तिचा रंग त्या चित्रपटाजवळ नाही. 1937 पर्यंत तांबडा रंग ओळखणारी फिल्म प्रचारात आली होती, पण तीही त्याला करड्याच्या एखाद्या छटेतच उमटवणार. नीरेच्या कपाळावरचे ते करडे वर्तुळ आपण तांबडे म्हणून पाहतो. हे काही आपोआप होत नाही. त्वचा किती उजळ ठेवायची, कपाळावर प्रकाश कोणत्या बाजूने घ्यायचा, मागची भिंत किती काळोखी करायची, अशा निर्णयांतून ते कुंकू ‘लागते’. कादंबरीकाराला ‘कुंकू’ हा शब्द लिहिला की पुरे. छायालेखकाला ते प्रत्येक दृश्यात नव्याने लावावे लागते. माध्यमांतर शिकवताना या फरकावर आपण थांबायला हवे, असे मला आता वाटते.

अवधूत पुढे शांतारामांच्या ‘राजकमल’मध्ये गेले, ‘शकुंतला’ (1943) आणि ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ (1946) त्यांच्याच कॅमेऱ्याचे. त्यानंतर दिवस पालटले. युद्धानंतर स्टुडिओंची पगारी व्यवस्था मोडली, नटनटींचे मोल वाढले आणि छायालेखक चित्रपटागणिक करार करणारा स्वतंत्र कारागीर झाला. 1950 च्या दशकात ‘प्रभात’ बंद पडली आणि 1960 मध्ये तिच्याच आवारात सरकारची फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली. तेलंगांना जे घरगुती पद्धतीने शिकावे लागले, त्याचा आता रीतसर अभ्यासक्रम झाला.

या व्यवसायात कीर्तीचा टिकाऊपणा किती, हे फिल्मच्या रसायनावर अवलंबून असते, ही गोष्टही आपण साहित्यिक मंडळी सहसा ध्यानात घेत नाही. जुन्या फिल्मचा पाया नायट्रेटचा असे आणि ते नायट्रेट कापसाच्या तंतूपासून बनवत. जिनिंगनंतर सरकीला चिकटून राहणारा आखूड तंतू आमच्या जिल्ह्यात कोणी हाताने झटकूनही पाहत नाही. जगात त्याच जातीच्या तंतूपासून फिल्म बनली आहे. हे नायट्रेट गंधकासारखे पेट घेते आणि न पेटले तरी वर्षागणिक कुजत जाते. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने, विशेषतः पी. के. नायर यांनी, गावोगाव हिंडून जे वाचवले ते वाचले. जानेवारी 2003 मध्ये पुण्याला लागलेल्या आगीत नायट्रेटच्या कित्येक मूळ प्रती जळाल्या. आपट्यांची कादंबरी जुन्या ग्रंथालयाच्या कपाटात सापडू शकते. छायालेखकाचे लेखन जळाले की त्याची दुसरी आवृत्ती निघत नाही.

मानसन्मानाचा हिशेबही असाच. ज्या फाळक्यांनी स्वतः कॅमेऱ्यातून वाटाण्याचा अंकुर टिपला, त्यांच्या नावाचा पुरस्कार 1969 चा. तो एखाद्या छायालेखकाला प्रथम मिळाला तो 2008 या वर्षासाठी, ‘कागज के फूल’च्या व्ही. के. मूर्ती यांना. दरम्यान जवळजवळ चाळीस वर्षे गेली होती.

या साऱ्या गोष्टींचा मी विचार करू लागलो तो मात्र ग्रंथांमुळे नव्हे. साधारण 2017 च्या सुमारास बी. ए.च्या शेवटच्या वर्षाला माझ्याकडे एक मुलगा होता. घरची चार एकर कोरडवाहू जमीन, त्यात पऱ्हाटी आणि तूर. लग्नसराईत तो तालुक्याच्या एका स्टुडिओसाठी व्हिडिओ शूटिंग करी आणि परीक्षेचे शुल्क त्यातून भरी. त्याला पुण्याला जाऊन छायालेखन शिकायचे होते. एके दिवशी तो वडिलांना घेऊन विभागात आला. वडील खुर्चीच्या काठावर बसले आणि त्यांनी सरळ विषयाला हात घातला.

“सर, हा पोट्टा म्हन्ते, पुन्याले कॅमेऱ्याचं शिकाले जातो. त्याच्यात शिकाचं का रायते? बटन तं मीबी दाबतो.”

मी त्यांना समजेल असे उदाहरण द्यावे म्हणून म्हणालो, “भाऊ, बी तर सगळेच टाकतात. पण कोणत्या पावसावर टाकायचे हे सगळ्यांना कळते का?”

ते हसले. “कोनाले कयते सर? मले तीस वर्सं झाले, मलेबी नाही कयत.”

त्यावर माझ्याजवळ उत्तर नव्हते. मग मुलानेच खिशातून मोबाइल काढला आणि एका लग्नातील दोन दृश्ये वडिलांना दाखवली. मे महिन्यातील लग्न, भर दुपारचा मुहूर्त, वर लाल-पिवळ्या कापडाचा मंडप. पहिल्या दृश्यात नवरीचा चेहरा कापडातून झिरपलेल्या उजेडाने शेंदरी झाला होता. डोळ्यांखाली काळे खड्डे पडले होते. दुसऱ्या दृश्यात चेहरा तिचा स्वतःचा होता. “काय केलं?” असे मी विचारले. त्याने सांगितले की, मंडपाबाहेरच्या उन्हात एक पांढरी चादर दोघांना धरायला लावली आणि तिच्यावरून परतलेला उजेड नवरीच्या तोंडावर घेतला. सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’साठी (1956) सुब्रत मित्र यांनी स्टुडिओत उभारलेल्या काशीच्या घरातील अंगणात पांढरे कापड ताणून, त्यावरून परावर्तित केलेल्या प्रकाशाने जे साधले, ते जागतिक छायालेखनाच्या इतिहासात नोंदले गेले आहे. या मुलाने सुब्रत मित्रांचे नाव ऐकले नव्हते. त्याला फक्त नवरीचा चेहरा खोटा दिसतो आहे हे सहन झाले नव्हते.

वडिलांनी दोन्ही दृश्ये दोनदा पाहिली. मग विचारले, “आन् पगार?” मी खरे ते सांगितले. पगार नाही. काम मिळेल तेव्हा पैसे, आणि पैसे मिळतील तेव्हा मिळतील. एखादे वर्ष भरपूर, एखादे वर्ष काहीच नाही. त्यांनी मान हलवली आणि म्हणाले, “म्हन्जे थेबी कोरडवाहूच.”

छायालेखकाच्या व्यवसायाचे याहून अचूक वर्णन मी कोणत्याही पुस्तकात वाचलेले नाही.

त्या मुलाने सांगितलेली आणखी एक हकिकत येथे नोंदवली पाहिजे, कारण माझ्या मते खरा प्रश्न तेथे आहे. आमचा जिल्हा देशाला कॅमेऱ्यातून माहीत झाला तो शेतकऱ्यांच्या आत्महत्यांमुळे. 2006 च्या जूनअखेरीस पंतप्रधान विदर्भात आले, सहा जिल्ह्यांसाठी 3750 कोटी रुपयांचे पॅकेज जाहीर झाले आणि त्या आगेमागे कॅमेऱ्यांची रांग लागली. त्यानंतर ती कधी पूर्णपणे थांबली नाही. पडद्यावर येणारे चित्र ठरलेले: हार घातलेला फोटो, भिंतीला टेकलेली बाई, पदराने पुसलेले डोळे. या मुलालाही एकदा एका वाहिनीसाठी अशा घरी पाठवले गेले. सोबतच्या माणसाने त्याला बजावले, “बाई रडली की जवळून घे.” त्याने दारातूनच दृश्य घेतले. त्या दृश्यात बाई भाकरी थापत होती, पोरगी चुलीच्या उजेडात गणिते सोडवत होती आणि फोटो कोपऱ्यात होता. ते दृश्य वापरले गेले नाही आणि त्याला पुन्हा बोलावणेही आले नाही. “सर, ती रडत होती, पण ती फक्त रडत नव्हती,” असे तो मला म्हणाला.

हे वाक्य मला सतीश मनवर यांच्या ‘गाभ्रीचा पाऊस’ (2009) या चित्रपटाकडे घेऊन गेले. मी तो पूर्वी पाहिला होता, पुन्हा पाहिला. शेजारच्या शेतकऱ्याने आत्महत्या केल्यावर अलकाला भीती वाटू लागते की आपला नवरा किसनाही तेच करील, आणि मग सारे घर किसनावर नजर ठेवू लागते. पोरगा मागे मागे फिरतो, म्हातारी आई पाळत ठेवते. थोडक्यात, हा चित्रपट ‘पाहण्या’विषयीच आहे. गिरीश कुलकर्णी, सोनाली कुलकर्णी, ज्योती सुभाष यांच्या अभिनयाविषयी पुष्कळ लिहिले गेले. त्याचे छायालेखन सुधीर पलसाने यांचे. ‘वळू’ (2008) आणि ‘विहीर’ यांचेही त्यांचेच. या चित्रपटातील वऱ्हाडी रान मला ओळखीचे वाटले. पेरणीआधीचा तो करडा, आशाळभूत उजेड. ढग येतात आणि काळ्या मातीचा रंग क्षणात उतरतो, ते. येथे कॅमेरा किसनाकडे मरणाचा उमेदवार म्हणून पाहत नाही. त्याला वैतागू देतो, हसू देतो, आपण त्याच्याकडे पाहतो आहोत याचा त्याला रागही येऊ देतो. वृत्तवाहिनीच्या कॅमेऱ्याने आमच्या माणसांना जे नाकारले, ते या छायालेखनाने दिले असे मला वाटते. त्यात दिग्दर्शकाचा वाटा आहेच. पण किती अंतरावर उभे राहायचे, हे शेवटी पायांनी ठरते, आणि ते पाय कॅमेऱ्यामागच्या माणसाचे असतात.

म्हणूनच छायालेखक कोण होतो, कोठून येतो, हा प्रश्न मला केवळ करिअर-मार्गदर्शनाचा वाटत नाही. मुंबई-पुण्याहून आलेला संवेदनशील डोळा आमच्याकडे नीट पाहू शकतो, हे ‘गाभ्रीचा पाऊस’ने दाखवले आहे. तरीही ज्याने त्या घराच्या दारात उभे राहून आत किती शिरायचे हे मोजले आहे, त्याच्या हाती कॅमेरा असावा, ही अपेक्षा अवाजवी म्हणता येणार नाही. लेखनात आपण हे मान्य केले. ग्रामीण आणि दलित साहित्याने गेल्या सहा-सात दशकांत मराठीला हेच तर शिकवले की कोणाविषयी लिहिले याइतकेच कोणी लिहिले हेही महत्त्वाचे असते. दृश्याच्या बाबतीत हा प्रश्न आपण अजून पुरेसा विचारलेला नाही.

मी शिफारसपत्र लिहून दिले. मुलाला प्रवेशपरीक्षेत दोन वेळा यश आले नाही. तो मुंबईला गेला. चित्रीकरणासाठी दिवे भाड्याने देणाऱ्या एका ठिकाणी सामान वाहण्यापासून त्याने सुरुवात केली. करोनाच्या काळात गावी येऊन कापूस वेचला, पुन्हा गेला. आता तो कॅमेऱ्याच्या सहायकांत आहे. नटाच्या डोळ्यापासून भिंगापर्यंतचे अंतर फितीने मोजायचे आणि नट हलला की त्या हिशेबाने भिंग फिरवायचे, हे त्याचे काम. दोन बोटांची चूक झाली तर चेहरा धूसर होतो आणि सगळ्यांचे कष्ट वाया जातात. वडील गावात सांगतात, पोरगा सिनेमात मोजणीवर आहे. तलाठी आणि भूमापकाशी आयुष्यभर संबंध आलेल्या माणसाच्या तोंडी हा शब्द मानाचा आहे की धास्तीचा, हे मी त्यांना विचारलेले नाही. गेल्या कामाचे काही पैसे अजून यायचे आहेत, असे मात्र त्यांनी दिवाळीत भेट झाली तेव्हा सांगितले.

मी माझ्यापुरता एक छोटा बदल केला आहे. माध्यमांतराच्या प्रश्नपत्रिकेत चित्रपटाचे नाव, वर्ष आणि दिग्दर्शक यांच्यासोबत छायालेखकाचे नावही छापतो. ‘कुंकू’ शिकवताना एकदा आवाज बंद करून पाच मिनिटे नुसते दृश्य दाखवतो आणि विचारतो, उजेड कोठून येतो आहे? सुरुवातीला वर्ग गप्प असतो. मग कोणीतरी म्हणते, खिडकीतून. खिडकी तर पडद्यावर नाही, मग ती कळली कशी, असे मी पुढे विचारतो. तेथून चर्चा सुरू होते आणि तास संपेपर्यंत व्ही. अवधूत हे नाव निदान चाळीस वह्यांत उतरलेले असते.